घरच्या गाडीवरची पट्टी

सूनबाई लग्न होऊन घरात आली तेव्हा पहिला आठवडाभर तिला टॉवेलांना, उशांना, जिन्याच्या कठड्याला, सगळ्यालाच तापल्या लोखंडाचा आणि गाडीच्या धुराचा वास यायचा. एका संध्याकाळी तिने घाबरून नवऱ्याला विचारलं, "घरात काही जळतंय का?" तो वर्तमानपत्रातून डोकं न काढता म्हणाला, "नाही. आप्पा आलेत."

दुसऱ्या महिन्यात तिला तो वास येईनासा झाला. सासरी रुळणं म्हणतात ते हेच असावं, असं ती धरून चालली. ती कॉलेजात रसायनशास्त्र शिकवायची. नाक हे नोकरदार माणसासारखं असतं, रोज तेच समोर आलं की लक्ष देणं बंद करतं, हे तिला पुस्तकातून ठाऊक होतं. पण पुस्तकातलं घरी आणायची आपल्याकडे कुणालाच सवय नसते.

आप्पा, म्हणजे तिचे सासरे, सायलेन्सर दुरुस्त करायचे. फक्त सायलेन्सर. इंजिनाला ते हात लावत नसत, ब्रेक बघत नसत, आणि कुणी नुसता हॉर्न वाजत नाही म्हणून आलं तर त्याला शेजारच्या टायरवाल्याकडे पाठवत. इंजिनापासून मागच्या नळीच्या तोंडापर्यंत जो धुराचा रस्ता, तेवढं त्यांचं राज्य. शिक्षण चौथी. कान अर्धे गेलेले, कारण चाळीस वर्षं ते फुटक्या सायलेन्सरांच्या शेजारी झोपलेले, म्हणजे गाडीखाली उताणे. उजव्या कानात ओरडलं तर पोचायचं, डाव्यात ओरडणं म्हणजे विहिरीत दगड टाकून उत्तराची वाट बघणं.

गाडीवाले त्यांना वैद्यबुवा म्हणायचे. नाव पडलं ते त्यांच्या तपासणीच्या पद्धतीवरून. गाडी थंड असताना ते खाली सरकायचे, मनगटाची आतली बाजू पाण्याने ओली करायचे आणि वर ओरडायचे, "लाव!" गाडी सुरू झाली की ते मनगट पाइपापासून बोटभर अंतरावरून, पाइपाला न शिवता, पुढून मागे न्यायचे. डोळे मिटलेले. कुठेतरी थांबायचे, जरा मागे यायचे, आणि त्या जागी खडूने फुली मारायचे. केसाएवढी चीर असली तरी तिच्यातून येणारी फुंकर ओल्या कातडीला कळते, असं त्यांचं म्हणणं. दुसऱ्या कुणाच्या कातडीला ती कळत नसे, ही गोष्ट वेगळी. टायरवाल्याने सहा महिने प्रयत्न केला आणि मनगट दोनदा भाजून घेतलं.

त्यांचा दुसरा नियम गिऱ्हाइकांना अजिबात आवडायचा नाही. कुणी घाईत आलं, गावाला जायचंय, आत्तापुरतं भागवा म्हणालं, तर आप्पा आत्तापुरतं भागवून द्यायचे. पण त्या तात्पुरत्या पट्टीवर लाल रंगाने तारीख लिहायचे. त्या तारखेच्या आत माणसाने परत यायचं आणि पक्कं काम करून घ्यायचं. नाही आला तर आप्पा जायचे. एकदा शाळेच्या व्हॅनचा ड्रायव्हर तारीख टाळून बसला. आप्पा सरळ शाळेच्या फाटकाशी गेले आणि शाळा सुटायच्या वेळी व्हॅनच्या मागच्या बंपरला पाठ लावून रस्त्यावर मांडी घालून बसले. मुलं जमली, बाई आल्या, मुख्याध्यापक आले. "उठा हो काका, लोक बघतायत." आप्पा म्हणाले, "बघू द्या. पोरं मागे बसतात, धूर पण मागेच बसतो." व्हॅन त्या दिवशी रिकामी, सगळ्या खिडक्या उघड्या ठेवून, आप्पांच्या गॅरेजात आली. ड्रायव्हरने त्यानंतर दोन वर्षं त्यांच्याशी बोलणं टाकलं, पण गाडी मात्र त्यांच्याकडेच आणत राहिला.

ही गोष्ट सासूबाई सुनेला हसत सांगायच्या. हसण्यासारखीच होती.

घरची गाडी जुनी होती. सूनबाईला कळा सुरू झाल्या त्या दुपारी गाडी दारातून बाहेर काढताना मधला पाइप चिरला आणि रणगाडा निघावा तसा आवाज झाला. आप्पांनी वीस मिनिटांत एक चपटा डबा कापला, त्याचा पत्रा पाइपाभोवती लेप लावून गुंडाळला, दोन क्लिपा आवळल्या, लोंबणारं टोक तारेने बांधलं. "दोन आठवडे चालेल," ते म्हणाले. नातीचा जन्म संध्याकाळी झाला. दोन आठवड्यांनी घरात बारसं, जागरणं, लंगोट आणि पाहुणे होते, आणि गाडी एका शब्दाने तक्रार करत नव्हती. त्या पट्टीवर तारीख नव्हती. घरच्या माणसाला काय तारीख घालायची?

ती पट्टी पावणेतीन वर्षं टिकली. दुसऱ्या कुणाची असती तर पावणेतीन महिन्यांत गळून पडली असती आणि बरं झालं असतं.

आता नात पावणेतीन वर्षांची, नाव काहीही असलं तरी घरात चिमणी. सूनबाई रोज सकाळी तिला मागच्या सीटवर बांधून पाळणाघरात सोडायची आणि तशीच कॉलेजला जायची. सगळं मिळून वीस मिनिटांचा रस्ता, त्यातला निम्मा सिग्नलला उभं राहण्यात. चिमणीला सर्दी, म्हणून काचा बंद. गेल्या तीन आठवड्यांत चिमणीला एक चांगली सवय लागली होती. गाडीत बसली की ती पाच मिनिटांत झोपायची. पूर्वी वाटभर भोंगा असायचा, आता कसं शहाण्यासारखं. सासूबाईंनी शेजारणींना सांगूनही झालं, "आमची चिमणी गाडीत बसली की गपगार."

सूनबाईचं डोकं मात्र दुखायला लागलं होतं. डोळेवाल्याने चष्म्याचा नंबर वाढवून दिला. नव्या चष्म्यातून दुखणं आणखी स्वच्छ दिसायला लागलं, एवढाच फरक. त्याच आठवड्यात ती वर्गात अपुरं ज्वलन शिकवत होती. "कार्बन मोनॉक्साइड. लिहून घ्या. रंग नाही, वास नाही, चव नाही. रक्तात प्राणवायूची जागा बळकावतो. सुरुवातीची लक्षणं, डोकेदुखी, मळमळ, गुंगी." फळ्यावर लिहिताना तिने दोनदा कपाळ चोळलं. मागच्या बाकावरची एक मुलगी म्हणाली, "मॅडम, तुम्हाला बरं नाही का?" "काही नाही गं, नवा चष्मा."

गुरुवारी सकाळी पाळणाघराचा आदल्या दिवशीचा निरोप घरात चर्चेला होता. चिमणी पोचल्यावर ओकली, मग तासभर मलूल पडून होती. सासूबाई म्हणाल्या, "पोट बिघडलं असेल. तुझंही डोकं दुखतंय, घरात साथच आहे." आप्पा चहा पीत होते. त्यांना बोलणं निम्मं कळायचं, पण निम्म्यावरून उरलेलं जुळवायची सवय होती.

"सूनबाई, डोकं कधी दुखतं?"

"कॉलेजला पोचल्यावर, आप्पा. दुपारपर्यंत उतरतं."

"रविवारी?"

"रविवारी नाही दुखत."

"आणि तुझं गं?" हा प्रश्न सासूबाईंना होता.

"माझं कशाला दुखेल? मी कुठे जाते?"

आप्पांनी कप खाली ठेवला. बशीत नाही, बशीच्या शेजारी. मग ते अनवाणी बाहेर गेले. सूनबाई पर्स घेऊन निघेपर्यंत ते गाडीखाली होते, धुतलेल्या शर्टासकट. बाहेर आले तेव्हा त्यांचं मनगट ओलं होतं आणि चेहरा असा झाला होता की सासूबाईंनी पुढे केलेला टॉवेल त्यांनी घेतला, पण कशासाठी हे त्यांना आठवेना.

"किल्ली दे," ते सुनेला म्हणाले. "टॅक्सी बोलव. पोरीला घेऊन दवाखान्यात जा. मोठ्या. पोट नाही म्हणावं. गाडीचा धूर गेलाय म्हणावं, तीन आठवडे."

सूनबाईने त्यांच्याकडे बघितलं. तीन लक्षणं तिच्याच आवाजात, तिच्याच अक्षरात फळ्यावरून उतरून तिच्यासमोर उभी राहिली. गपगार. शहाण्यासारखं. तिने चिमणीला उचललं आणि टॅक्सीची वाट न बघता रस्त्याला लागली.

दवाखान्यात रक्त घेतलं, दोघींना प्राणवायू लावला. चिमणीने मास्क चार वेळा ओढून काढला. पाचव्या वेळी डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "ओढू दे, ओढायची ताकद आहे हे चांगलंच आहे." संध्याकाळी त्यांनी सांगितलं, की वेळेत आलात, काही राहील असं वाटत नाही, पण त्या गाडीत पुन्हा बसवू नका. मग विचारलं, "कुणाच्या लक्षात आलं हे?"

"सासऱ्यांच्या."

"डॉक्टर आहेत का?"

"नाही. सायलेन्सर बसवतात."

डॉक्टरीणबाईंनी ते कागदावर जसंच्या तसं लिहून घेतलं.

घरी सासूबाईंनी नवऱ्याला बोलायचं ते बोलून घेतलं. "गावभर तारखा लिहीत फिरता. शाळेपुढे रस्त्यात बसता. आणि आपल्या पोरीच्या बुडाखाली?" ऐकू आलं नाही असं दाखवायची सोय आप्पांना बरीच वर्षं होती. त्या दिवशी त्यांनी ती वापरली नाही. उजवा कान पुढे करून सगळं ऐकून घेतलं. मग सासूबाईच थकल्या आणि म्हणाल्या, "जेवा आता." ते जेवले नाहीत.

शुक्रवारी सूनबाईने रजा टाकली. चिमणीला सासूबाईंपाशी ठेवून ती गॅरेजात गेली. लग्नानंतरच्या आठ वर्षांत ती तिथे दोनदा गेली होती, दोन्ही वेळा डबा द्यायला. गाडी तिथे होती. ती सुरू करून आणलेली नव्हती. आप्पा, टायरवाला आणि त्याचे दोन भाऊ यांनी ती घरापासून ढकलत आणली होती.

तेवढ्यात नवऱ्याचा फोन आला. तो कामाला दुसऱ्या गावी होता, रात्रीतून निघणार होता. "आप्पांना सांग, सध्या टेप मारा. सोमवारपासून तुझी परीक्षेची ड्यूटी आहे ना? पक्कं काम नंतर निवांत करू."

तिने ते उजव्या कानात जसंच्या तसं ओरडून सांगितलं. आप्पा जमिनीवर अवजारं मांडत होते.

"टेप आहे," ते म्हणाले. "ओली करून गुंडाळायची, गाडी तापली की दगड होते. लेप आहे, बोट जाईल एवढ्या भोकाला चालतो. पत्रा आहे, क्लिपा आहेत. सगळं खरं आहे, काही खोटं नाही. पण ते सगळं घरी पोचण्यापुरतं. मी ते घरी पोचल्यावरही ठेवलं."

एवढं लांब बोलणं त्यांच्या तोंडून तिने पहिल्यांदाच ऐकलं.

मग ते कामाला लागले आणि ती उलट्या बादलीवर बसली. तिथून ती दुपारपर्यंत उठली नाही. गंजलेले बोल्ट त्यांनी आदल्या दिवशीपासून तेलाने भिजवून ठेवले होते. पान्हा लावून ते जोर करत नव्हते, थोडं पुढे, थोडं मागे, हट्टी पोराला समजवावं तसं. मग तिने लांब स्क्रू-ड्रायव्हर बघितला. आप्पांनी त्याचं टोक पाइपाला टेकवलं, मूठ कानामागच्या हाडाला लावली आणि दुसऱ्या हाताने छोट्या हातोडीने पाइपाला टिचक्या मारत पुढे सरकत गेले. जिथे लोखंड चांगलं होतं तिथे ते पुढे जात, जिथे वाईट होतं तिथे थांबून खडूची रेघ मारत. तिने वाकून कान दिला. तिला सगळ्या टिचक्या सारख्याच वाटल्या. ज्या माणसाला दाराची घंटा ऐकू येत नव्हती, तो लोखंड आतून किती उरलंय ते ऐकत होता.

"भोकाशेजारी का नाही कापत?" तिने ओरडून विचारलं.

"कुजक्या लोखंडाला चांगलं जोडलं तर जोड टिकतो. शेजारचं फाटतं. चांगलं लागेपर्यंत मागे जायचं."

ते हातभर मागे गेले. पाइप, पट्टी आणि सायलेन्सरचा मागचा डबा असं सगळं एकत्र खाली आलं. आप्पांनी ते उचलून तिरपं धरलं, आणि आतून तांबडं पाणी भळभळून सांडलं. पेलाभर तरी असेल.

"हे कुठून आलं असेल?" आप्पांनी विचारलं. परीक्षा घेण्याचा सूर होता.

"पेट्रोल जळलं की पाणी होतं," ती म्हणाली. "वाफ. लांब गेलं तर पाइप तापून वाळून जातं. आपण वीस-वीस मिनिटं फिरतो, म्हणून आतच राहतं."

आप्पांनी पाइप खाली ठेवला. "तुला कुणी सांगितलं?"

"मी शिकवते, आप्पा."

"शिकवतात हे?" ते म्हणाले. त्यांच्या चेहऱ्यावर पहिल्यांदाच कालपासूनचं काळं जरा हललं. "मला वीस वर्षं लागली. मी म्हणायचो, आगीतून पाणी कसं येईल? जवळ फिरणाऱ्या डॉक्टरांच्या गाड्या आधी सडायच्या, लांबच्या ट्रकवाल्यांच्या टिकायच्या. हे बघून बघून कळलं. कुणाला बोललो नाही. लोक हसले असते."

सूनबाई दरवर्षी ते समीकरण दीड मिनिटात संपवायची. डावीकडे इंधन, उजवीकडे पाणी, पुढचं पान. ह्या माणसाने ते गाडीखाली उताणं झोपून, सडक्या पाइपांच्या ढिगातून, एकेक गिऱ्हाईक जोडत काढलं होतं. आणि बरोबर काढलं होतं. बादलीवर बसल्या बसल्या तिला वाटलं की आपण उभं राहायला हवं. पण वर्गात कुणी शिरलं की उभं राहतात ते विद्यार्थी, आणि आप्पांनी ते पाहिलं असतं तर लाजले असते. ती बसून राहिली.

मग आप्पांनी एक विचित्र काम सांगितलं. "आत जाऊन मागे बस. पोरगी बसते तिथे. दारं लाव, खाली बघ."

ती बसली. आप्पा टॉर्च घेऊन गाडीखाली गेले. चिमणीच्या सीटच्या बरोबर खाली, चटईच्या कडेला, अंगठ्याएवढा प्रकाशाचा गोळा उमटला. पत्र्याला तिथे भोक होतं. कधीकाळी त्यात रबराचं बूच असणार, ते कधीच गळून पडलं होतं. पट्टी जिथे सुटली होती ती जागा या भोकाच्या खालीच. सूनबाईने त्या भोकावर हात ठेवला. प्रकाश तिच्या बोटांमधून लाल दिसला. बाहेरून आप्पांचा आवाज आला, "दिसलं?" तिने पत्र्यावर दोनदा थाप मारली.

दुपारी वेल्डिंग झालं, तेही गाडीपासून लांब, बाहेर, शिकंज्यात धरून, कारण पेट्रोलच्या टाकीशेजारी ठिणगी उडवणारा माणूस फार दिवस वैद्यबुवा राहत नाही. काळ्या काचेतून तिने बघितलं. ठिणगीच्या पोटात एक थेंब वितळलेला, आणि आप्पा तो थेंब न सांडता पाइपाच्या सगळ्या घेराभोवती फिरवून आणत होते. लिहिताना, खाताना त्यांचा हात कापायचा, हे घरात सगळ्यांना ठाऊक होतं. आता तो कापत नव्हता. काच दूर केल्यावर जोडावर माशाच्या खवल्यांसारखे एकसारखे थर होते, एकावर एक रेललेले. नवं पॅकिंग, नवे बोल्ट, लटकवायची नवी रबरं. तार त्यांनी कुठेच वापरली नाही. मागच्या नळीतून हवा सोडून सगळ्या जोडांवर साबणाचं पाणी फासलं आणि दोघं वाकून बुडबुडा यायची वाट बघत राहिले. एकही आला नाही. भोकाला रबराचं नवं बूच बसलं. ते आप्पांनी तीन वेळा काढून तीन वेळा बसवलं.

शनिवारी तिने कॉलेजच्या प्रयोगशाळेतून विषारी वायू मोजायचं यंत्र आणलं. मुठीएवढं. आप्पांनी ते उलटंसुलटं करून बघितलं. "याला मनगट कुठंय?" चिमणीच्या जागेवर यंत्र ठेवलं, शेजारी आप्पा बसले, काचा बंद केल्या आणि दोघं तासभर गावभर फिरले. आकडा शून्य. सूनबाईने गाडी थांबवून वळून दाखवला. आप्पा चटई उचलून, बुचाभोवती ओलं मनगट धरून, डोळे मिटून बसले होते. "शून्य, आप्पा!" ती ओरडली. "थांब जरा," ते म्हणाले, "माझं व्हायचंय."

सोमवारी चिमणीला पुन्हा मागे बांधलं. आप्पांनी विचारलं नाही, ते नुसते तिच्या शेजारी जाऊन बसले, गुडघे हनुवटीशी. सूनबाई आरशातून रस्त्यापेक्षा मागेच जास्त बघत होती. पाच मिनिटं झाली, सात झाली. मग चिमणीने बूट काढून पुढे फेकला, तिला खाऊ पाहिजे होता, खिडकी पाहिजे होती, आजोबांचा चष्मा पाहिजे होता, आणि यातलं काहीच मिळत नाही म्हटल्यावर तिने जो भोंगा लावला तो पाळणाघराच्या दारापर्यंत एका श्वासाने नेला. शेजारच्या गाडीतली बाई रागाने बघायला लागली. सूनबाईने तिच्याकडे बघून हात जोडले आणि डोळे पुसले. त्या बाईला वाटलं, बिचारी, केवढा त्रास देतंय पोर.

मुलीला आत सोडून सूनबाई बाहेर आली तेव्हा आप्पा गाडीत नव्हते. पाळणाघरापुढे आई-बापांच्या आठ-नऊ गाड्या रांगेने उभ्या होत्या, काही चालू, काही बंद. आप्पा पहिल्या गाडीच्या मागे उकिडवे बसले होते. दुसरीच्या पाइपाशी थांबले. तिसऱ्या गाडीपाशी ते जमिनीवर आडवेच झाले आणि खिशातून खडू काढला. गाडीचा मालक, टायवाला तरुण, ओरडत उतरला, "ओ काका! काय चाललंय?" पाळणाघराच्या बाई पायऱ्यांवर आल्या. "कोण आहेत हे? कुणाबरोबर आलेत?"

सूनबाईची परीक्षेची ड्यूटी सुरू व्हायला बारा मिनिटं राहिली होती.

"माझे सासरे," ती म्हणाली. मग त्या टायवाल्या तरुणाकडे गेली. "तुमचं बाळ गाडीत झोपतं का हो?"

"हो, लगेच," तो म्हणाला. "का?"

"मग काचा उघडा, आणि ते सांगतात ते ऐका. उजव्या बाजूने बोला, डाव्या कानाने त्यांना ऐकू येत नाही."